दोन झाडं, एक पान आणि मी साफ केलेली अक्षरं

नवी प्रजाती सापडली असं वाटणं हा आमच्या लाईनमधला ताप आहे, प्रत्येकाला एकदा तरी येतोच. मला पीएचडीच्या तिसऱ्या वर्षी आला, चांगला तीन महिने राहिला आणि उतरला मात्र एका दिवसात. त्या दिवसाबद्दल लिहितोय. झुडपाचं नाव सांगत नाही कारण पेपर अजून रिव्ह्यूमध्ये अडकलाय, पण त्या जीनसमधल्या (जवळच्या नात्यातल्या प्रजातींचा गट) दोन प्रजातींना आम्ही लॅबमध्ये केसाळ आणि गुळगुळीत म्हणायचो, पानाच्या मागच्या बाजूवरून. इथेही तेच म्हणतो.

तर फील्डमध्ये मला एक झुडूप मिळालं ज्याच्या पानामागे केस होते पण फक्त शिरांवर, मधली जागा एकदम साफ. ना हे ना ते. फुलांसकट फांदी आणली, हर्बेरियम शीट केली, म्हणजे दाबून वाळवून कागदावर चिकटवली, चार पानं सिलिका जेलमध्ये टाकली कारण पान जितकं पटकन सुकेल तितका आतला डीएनए चांगला राहतो. आणि खरं सांगतो, शीटवर लेबल चिकटवतानाच डोक्यात नव्या प्रजातीचं नाव तयार होतं.

डीएनए काढायची पद्धत आम्ही वापरतो ती डॉयल आणि डॉयल यांनी १९८७ मध्ये छापलेली, सीटॅब नावाच्या रसायनाची. पान कुटा, ६५ डिग्रीला बफरमध्ये ठेवा, क्लोरोफॉर्म घाला, फिरवा, वरचं पाणी उचला. बफरमधल्या मर्कॅप्टोइथेनॉलचा वास घरी जाईपर्यंत सोबत येतो, बाकी त्यात सांगण्यासारखं काही नाही.

सांगण्यासारखं पुढे आहे. आम्ही डीएनए दोन ठिकाणचा वाचतो. एक क्लोरोप्लास्टमधला (पानातला हिरवा कण), मॅट-के नावाचा जीन वगैरे, आणि एक केंद्रकातला, आयटीएस नावाचा तुकडा. दोन कशाला? कारण क्लोरोप्लास्ट बहुतेक फुलझाडांत फक्त आईकडून येतो (पाइनच्या खानदानात उलटं, तिथे परागकणातून म्हणजे बापाकडून येतो, निसर्गाला नियम करून तो मोडायची हौस फार) आणि केंद्रकातला डीएनए आई बाप दोघांचा. म्हणजे क्लोरोप्लास्टवरून काढलेला वंशवृक्ष हा खरं तर आईच्या आईच्या आईचा वंशवृक्ष असतो. दोन्हीकडून एकच उत्तर आलं की आपण निवांत झोपतो.

डीएनएची अक्षरं, म्हणजे ए, सी, जी, टी, आली की सगळ्या प्रजातींच्या ओळी एकाखाली एक लावायच्या, जागेला जागा जुळवून, ही झाली अलाइनमेंट, मग प्रोग्रॅम शोधतो की कुठल्या आकाराच्या वंशवृक्षावर (आम्ही त्याला नुसतं झाड म्हणतो) हे असे बदल घडणं सगळ्यात जास्त शक्य आहे. एक लांबचा नातेवाईक मुद्दाम घ्यायचा, आउटग्रुप, म्हणजे झाडाचं मूळ कुठे ते कळतं. आणि फांदीवर विश्वास किती ठेवायचा यासाठी बूटस्ट्रॅप, फेल्सेन्स्टाइनने १९८५ मध्ये सुचवलेला. अलाइनमेंटमधले उभे कॉलम चिठ्ठ्यांसारखे उचलायचे, चिठ्ठी परत टाकून, तेवढ्याच लांबीची नवी अलाइनमेंट बनवायची, परत झाड काढायचं, असं हजार वेळा. शंभरातल्या किती वेळा तीच फांदी परत आली तो आकडा फांदीवर लिहायचा.

त्या मंगळवारी सकाळी दोन्ही झाडं प्रिंट करून टेबलावर शेजारी शेजारी ठेवली. क्लोरोप्लास्टच्या झाडात माझा नमुना गुळगुळीतच्या कुशीत, ९७. आयटीएसच्या झाडात केसाळच्या कुशीत, ८८. दोन्ही आकडे भरभक्कम आणि दोन्ही एकमेकांना खोटं पाडणारे.

माझा पहिला विचार, आणि याची मला अजून लाज वाटते, की ट्यूबा बदलल्या. पीसीआर, म्हणजे वाचायच्या तुकड्याच्या भरपूर प्रती बनवणं, आमच्या ज्युनियर मुलीने लावलेला. मी सगळ्यांसमोर तिला विचारलं की लेबलिंग नीट केलेलंस ना. ती काही बोलली नाही, वही उघडून माझ्यासमोर धरली आणि म्हणाली, "दादा, दोन्ही पीसीआर एकाच ट्यूबमधून लावलेत. आणि दुसऱ्या पानातून परत डीएनए काढून पण केलंय, खाली बघा." खाली खरंच होतं, तारखेसकट. दुसऱ्या पानाचंही उत्तर तेच, एक तिकडे एक इकडे.

तेवढ्यात सर आले. सर म्हणजे आमचे जुने टॅक्सोनॉमिस्ट, वनस्पतींचं वर्गीकरण करणारे, कधीच रिटायर झालेत पण रोज येतात, गळ्यात भिंग. त्यांचं आणि माझं एक कायमचं भांडण आहे. ते म्हणतात आधी पान बघा, मी म्हणतो पान फसवतं. माझं नेहमीचं हत्यार म्हणजे कमळ. कमळ आणि कुमुद दोन्ही पाण्यात, दोन्हींची पानं गोल, पूर्वी एकाच कुळात घालायचे, आणि डीएनए बघितला तर कमळाचे जवळचे नातेवाईक निघाले प्लेन ट्री आणि प्रोटिया, म्हणजे चांगले जमिनीवरचे वृक्ष आणि झुडपं! एपीजी या वनस्पतिशास्त्रज्ञांच्या गटाच्या २०१६ च्या वर्गीकरणात फुलझाडांचे ६४ गण (गण म्हणजे कुळांचा मोठा गट) आणि ४१६ कुळं आहेत, त्यात कमळ आणि कुमुद वेगवेगळ्या गणांत बसलेत. हे मी सरांना किमान दहा वेळा ऐकवलेलं. त्या दिवशी सर दोन्ही प्रिंट बघून शांतपणे म्हणाले, "मग आता कुठला डीएनए खरं बोलतोय?" माझ्याकडे उत्तर नव्हतं.

मॅडमना, म्हणजे माझ्या गाइडना, दाखवायला गेलो. त्यांनी झाडांकडे बघितलंच नाही. म्हणाल्या, "रॉ फाईल उघड. आयटीएसची."

आता रॉ फाईल म्हणजे क्रोमॅटोग्राम. सिक्वेन्सरमधून, म्हणजे डीएनए वाचणाऱ्या मशीनमधून, अक्षरं थेट येत नाहीत, रंगीत डोंगर येतात. हिरवा ए, निळा सी, काळा जी, लाल टी. एका जागी एक डोंगर, त्यावरून सॉफ्टवेअर अक्षर लिहितं आणि कळलं नाही तर एन लिहून मोकळं होतं. हे एन आपण डोळ्यांनी बघून भरायचे, याला आम्ही साफ करणं म्हणतो. मी आठवडाभर साफच करत होतो.

मॅडम स्क्रोल करत होत्या. एका जागी थांबल्या. निळा डोंगर आणि त्याच्याच पोटात लाल डोंगर, जवळपास तेवढ्याच उंचीचा. "इथे काय लिहिलंस?" मी म्हणालो सी. "का?" मी गप्प. पुढे अजून एक, हिरवा आणि काळा. "इथे?" ए. "रिव्हर्स रीडमध्ये बघितलंस?" नव्हतं बघितलं. उलट्या बाजूने वाचलेली फाईल उघडली, त्याच जागी परत दोन डोंगर. आवाज असता, म्हणजे मशीनचा कचरा असता, तर दोन्ही बाजूंनी बरोबर त्याच जागी आला नसता.

मग त्यांनी कागद घेतला. ६४० च्या आसपास अक्षरं, त्यात केसाळ आणि गुळगुळीत फक्त १३ जागी वेगळे. नशिबाने दोघांची लांबी एकसारखी, कुठे एखादं अक्षर जरी कमी जास्त असतं तर तिथून पुढे सगळे डोंगर एकमेकांवर घसरले असते आणि खिचडी झाली असती. त्या १३ जागा एक एक करून बघितल्या. तेराच्या तेरा ठिकाणी दोन डोंगर, एक केसाळच्या अक्षराचा, एक गुळगुळीतच्या. बाकी सगळीकडे एकच.

माझ्या झुडपाच्या प्रत्येक पेशीत दोघंही होते. आई गुळगुळीत, बाप केसाळ. क्लोरोप्लास्ट आईचा म्हणून ते झाड तिकडे गेलं. नवी प्रजाती वगैरे काही नाही, हायब्रिड, दोन प्रजातींचा संकर.

पण मग आयटीएसचं झाड इतक्या ठामपणे केसाळकडे का गेलं? हे मला खुर्चीत बसल्या बसल्या समजलं आणि पोटात गोळा आला. जिथे एक डोंगर थोडा उंच होता तिथे मी उंचवाला ठेवला होता, आणि जिथे दोन्ही सारखे तिथे अलाइनमेंटमध्ये वरच्या ओळीत जे अक्षर होतं तेच ठेवून दिलं होतं. वरची ओळ कुणाची? केसाळची. का? तर पान थोडं केसाळ दिसतंय म्हणून मीच माझा नमुना त्याच्या खाली नेऊन लावलेला. म्हणजे मी डोळ्यांनी ठरवलं, तेच अक्षरांत भरलं आणि मग प्रोग्रॅमने तेच मला ८८ च्या शिक्क्यासह परत दिलं, आणि वर मी सरांना कमळ ऐकवत होतो! अशा जागेसाठी चांगलं वेगळं अक्षर असतं, वाय म्हणजे सी किंवा टी, आर म्हणजे ए किंवा जी. तेवढं टाईप केलं असतं तरी आठवडाभर आधी दिसलं असतं.

सरांना सांगितलं तर ते हसले नाहीत, शीट मागितली. वाळलेली एक कळी काढली, पाण्यात मऊ केली, परागकोश स्लाइडवर फोडून स्टेनचा थेंब टाकला. चांगला परागकण रंग घेऊन टपोरा दिसतो. आमच्या स्लाइडवर जवळपास सगळे फुटक्या फुग्यासारखे, चुरगळलेले, रिकामे. २०० मोजले, त्यात भरलेले ११. शेजारी केसाळच्या शीटमधली स्लाइड ठेवली, तिथे रिकामे शोधावे लागत होते. दोन प्रजातींच्या क्रोमोसोमना (गुणसूत्रांना) जोड्या लावता येत नाहीत आणि परागकण असा वाया जातो. सर एवढंच म्हणाले, "हे पंधरा मिनिटांत झालं असतं."

माझा चेहरा बघून त्यांनी ट्रॅगोपोगॉनची, म्हणजे सूर्यफुलाच्या कुळातल्या एका रोपाची, गोष्ट काढली. युरोपातून अमेरिकेत गेलेल्या तीन प्रजाती, वॉशिंग्टन आणि आयडाहोच्या भागात एकमेकींत मिसळल्या, वांझ हायब्रिड झाले, काहींमध्ये क्रोमोसोम दुप्पट झाले आणि ते वांझ राहिले नाहीत. वनस्पतिशास्त्रज्ञ मॅरियन ओनबी यांनी १९५० मध्ये त्यातल्या दोन नव्या प्रजाती म्हणून नोंदवल्या, जेमतेम काही दशकांत तयार झालेल्या. गव्हाचंही तेच, तीन वेगवेगळ्या गवतांचे जीनोम, म्हणजे डीएनएचे पूर्ण संच, एका दाण्यात. झाडाच्या चित्रात फांद्या फक्त फुटतात, परत जोडल्या जात नाहीत, आणि वनस्पती तर सारख्या जोडल्या जातात. मला बरं वाटावं म्हणून सांगत होते हे कळत होतं. माझ्या झुडपाचे क्रोमोसोम दुप्पट झालेले नव्हते, ते नंतर मोजले.

नंतर क्लोनिंगही केलं, आयटीएसच्या प्रती वेगवेगळ्या बॅक्टेरियांत घालून एकेक वाचली आणि दोन्ही आईबाप सुटे सुटे सापडले. एका पेशीत आयटीएसच्या शेकडो हजारो प्रती असतात आणि पिढ्या जातात तशा त्या एकसारख्या होत जातात, म्हणजे जुन्या हायब्रिडमध्ये एक पालक पुसला जाऊ शकतो. आमचा ताजा होता म्हणून पकडला गेला. आता मोठे ग्रुप एका तुकड्यावर थांबतच नाहीत, २०२४ मध्ये नेचरमध्ये आलेलं फुलझाडांचं झाड केंद्रकातल्या ३५३ जीन्सवरून काढलंय, ९,५०६ प्रजातींचं. आमच्याकडे तेवढे पैसे नाहीत, आम्ही डोंगर बघतो.

ज्युनियरला सॉरी म्हणालो. ती "ठीक आहे दादा" म्हणाली पण आवाज ठीक नव्हता, आणि ते बरोबरच होतं, आरोप सगळ्यांसमोर केला होता आणि सॉरी एकटीला गाठून. दुसऱ्या दिवशी लॅब मीटिंगमध्ये परत म्हणालो.

पण ते दुसऱ्या दिवशी. त्या संध्याकाळी सगळे गेल्यावर मी कॉम्प्युटरसमोर बसून होतो कारण या प्रोजेक्टमधल्या अजून चाळीस आयटीएस फाईली मीच साफ केल्या होत्या, त्याच डोळ्यांनी, तसंच वरच्या ओळीत बघून. पहिल्यापासून उघडायला सुरुवात केली. दहा फाईली स्वच्छ. अकरावीत, २१७ व्या जागी, काळ्या डोंगराच्या पोटात हिरवा.