‘येतो’ म्हणजे कधी?

माझा भाचा सात वर्षांचा असताना एका संध्याकाळी शेजारचे काका चहाला आले होते. निघताना चपला पायांत सरकवत ते नेहमीप्रमाणे “बराय, येतो” म्हणाले आणि जिना उतरून गेले. रात्री साडेनऊला पाने घेतली, तरी भाचा दाराजवळच्या स्टुलावरून उठायला तयार नव्हता. काका येतो म्हणाले होते, ते अजून आलेले नव्हते, तेव्हा दार लावून घेणे त्याच्या मते बरोबर नव्हते. आम्ही सगळे हसलो. निरोप घेताना ‘जातो’ म्हणू नये हा संकेत आपण इतक्या लहानपणी उचलतो की तो कधी शिकलो हेही आठवत नाही. त्यामुळे तो कोणाला मुद्दाम सांगावा लागेल, हे आमच्यापैकी एकाच्याही ध्यानात आले नव्हते.

पुढच्या वर्षी त्याला ऑटिझम असल्याचे निदान झाले. मराठीत आपण त्याला स्वमग्नता म्हणतो. मूळ ग्रीक शब्दात ‘स्वतः’ आहेच, त्यामुळे भाषांतर म्हणून या शब्दात खोट काढता येणार नाही. तरीही मराठी कानाला ‘स्वमग्न’ म्हणजे आपल्यातच बुडालेला, दुसऱ्याची दखल न घेणारा असेच ऐकू येते. आमचा स्वमग्न मुलगा मात्र दुसऱ्याच्या शब्दाखातर तीन तास स्टुलावर बसला होता.

ऑटिस्टिक माणसांना दुसऱ्याच्या मनातले कळत नाही, ही समजूत मुख्यतः एका प्रयोगामुळे रुजली. १९८५ साली सायमन बॅरन-कोहेन, अ‍ॅलन लेस्ली आणि उटा फ्रिथ यांनी लंडनमध्ये मुलांना दोन बाहुल्यांचा छोटासा खेळ दाखवला. सॅली आपली गोटी टोपलीत ठेवून बाहेर जाते; तिच्या माघारी अ‍ॅन ती काढून खोक्यात लपवते; सॅली परत येते. आता ती गोटी कुठे शोधेल? उत्तर अर्थातच टोपलीत, कारण खोक्याचे तिला माहीतच नाही. सर्वसाधारण २७ मुलांपैकी २३ जणांनी आणि डाउन सिंड्रोम असलेल्या १४ पैकी १२ जणांनी टोपली दाखवली; ऑटिस्टिक २० मुलांपैकी १६ जणांनी मात्र गोटी खरोखर होती त्या जागेकडे बोट दाखवले. गोटी आधी कुठे होती आणि आता कुठे आहे, हे त्या सोळाही जणांना बिनचूक सांगता येत होते. म्हणजे प्रश्न स्मरणशक्तीचा नव्हता. आपल्याला ठाऊक असलेली गोष्ट दुसऱ्याला ठाऊक नसते, हे धरून चालण्याचा होता.

प्रयोग सुबक होता आणि सुबक प्रयोगांचे व्हायचे तेच त्याचेही झाले. उरलेली चार मुले लोकांच्या लक्षातून गेली आणि ‘यांना दुसऱ्याचे मन दिसतच नाही’ एवढेच वाक्य पाठ्यपुस्तकांपासून पालकांच्या सभांपर्यंत फिरत राहिले. वास्तविक अनेक ऑटिस्टिक मुले पुढे वाढत्या वयात आणि भाषेवर पकड आल्यावर हीच चाचणी उत्तीर्ण होतात. ऑटिझम नसलेली, पण ऐकू येणाऱ्या घरात वाढलेली आणि म्हणून खुणांची भाषा उशिरा मिळालेली अनेक कर्णबधिर मुले या चाचणीत मागे पडतात, हेही नंतर दिसून आले. बाहुलीच्या मनातले सांगायला आधी प्रश्नाची भाषा उलगडावी लागते, ही साधी बाब त्या गाजलेल्या वाक्यात कुठेच नव्हती.

फरक नाहीच, असे मात्र मी म्हणणार नाही. २००९ मध्ये आत्सुशी सेंजू आणि सहकाऱ्यांनी, तोंडी चाचणी सहज सोडवणाऱ्या ऑटिस्टिक प्रौढांची नजर टिपली, तेव्हा चित्रफितीतील व्यक्ती चुकीच्या जागी हात घालणार याचा अंदाज त्यांच्या डोळ्यांत आपसूक उमटत नसल्याचे आढळले. नजरेच्या अशा चाचण्यांचे निकाल पुढे सगळीकडे सारखे आले नाहीत, हे खरे. पण भाचा स्वतःबद्दल जे सांगतो ते याच्याशी जुळते. तो आता एकोणीस वर्षांचा आहे. “मावशी, तू चेहरा बघून ओळखतेस. मी मागच्या वेळी काय झालं होतं ते आठवून ओळखतो. उत्तर तेच येतं, पण मला वेळ लागतो आणि मी दमतो,” असे तो मला एकदा म्हणाला. त्याच्याकडे एक वही आहे. तिच्यात डावीकडे माणसे काय म्हणतात आणि उजवीकडे त्यांना काय हवे असते, असे दोन रकाने आहेत. ‘साखर संपली वाटतं’ यासमोर ‘दुकानात जा’ लिहिले आहे. ‘बघू’ यासमोर ‘नाही’. ‘कशाला एवढं आणलंत’ यासमोर बराच काळ प्रश्नचिन्ह होते. अलीकडे तिथे ‘आवडलं’ आले आहे.

ती वही चाळताना मला आपल्या बोलण्याचीच अधिक गंमत वाटली. लेकी बोले सुने लागे, या म्हणीतली सासू बोलते एकीला आणि ऐकवते दुसरीला. दुसरीने ते ओळखावे, शिवाय ओळखले असे दाखवूही नये, अशी तिची अपेक्षा असते. एवढा आडवळणाचा व्यवहार ज्याला चटकन उमगत नाही, त्याच्यातच कमतरता आहे, हे ठरवले कोणी?

स्वतः ऑटिस्टिक असलेले ब्रिटिश समाजशास्त्रज्ञ डेमियन मिल्टन यांनी २०१२ मध्ये हाच मुद्दा मांडला. दोन वेगळ्या घडणीची माणसे समोरासमोर आली की न समजणे दोन्ही बाजूंनी होते, पण दोष एकाच बाजूच्या नावावर लिहिला जातो, असे त्यांचे म्हणणे. एडिनबर्गच्या कॅथरीन क्रॉम्प्टन आणि सहकाऱ्यांनी २०२० मध्ये आठ-आठ जणांच्या साखळ्या करून एकाची गोष्ट दुसऱ्याला, दुसऱ्याची तिसऱ्याला सांगायला लावली. निव्वळ ऑटिस्टिक साखळीत तपशील जेवढे टिकले, तेवढेच इतरांच्या साखळीत टिकले. गळती जास्त झाली ती मिश्र साखळीत. तीनशेहून अधिक जणांना घेऊन पुढे केलेल्या प्रयोगात मिश्र साखळीही इतरांएवढीच टिकली, म्हणून मिश्र साखळीचा तो निष्कर्ष मी जपून वापरते. ऑटिस्टिक माणसे निरोप पोहोचवण्यात उणी नाहीत, हे मात्र दोन्ही वेळा दिसले. नोआ सॅसन यांच्या २०१७ च्या अभ्यासात अनोळखी लोकांनी काही सेकंदांच्या चित्रफिती पाहून ऑटिस्टिक माणसांविषयी प्रतिकूल मत बनवले, पण त्याच माणसांचे बोलणे नुसते लिहून दिल्यावर हा फरक उरला नाही. ते काय बोलले यापेक्षा ते कसे दिसले आणि कसे ऐकू आले, यावर मत ठरले होते.

आमच्या घरातले असेच एक मत मी सांगते. माझी आई गेली तेव्हा भाचा चौदा वर्षांचा होता. तो रडला नाही. दिवसांचे सगळे दिवस तो रात्री नऊ वाजता तिच्या गोळ्यांची डबी उघडायचा, त्या वेळची गोळी वाटीत काढायचा आणि शेजारी पाण्याचा पेला ठेवायचा. भेटायला आलेल्या एका नातेवाईक बाईंनी माझ्या बहिणीच्या कानाशी, पण त्याला ऐकू जाईल अशा आवाजात म्हटले, “त्याला कुठं काही कळतंय, एका अर्थी बरंच आहे.” मीही मान हलवली होती. तेराव्यानंतर मी त्याला हळूच विचारले, तेव्हा तो म्हणाला, “आजी नाही हे मला माहीत आहे. पण नऊ वाजता मी तिच्याकडे जायचो, आता कुठे जाऊ?” त्याच्या मनातले ओळखण्याच्या त्या परीक्षेत घरातले आम्ही सगळे नापास झालो होतो, आणि त्याची नोंद कोणत्याही कागदावर झाली नाही.

सध्या तो दर गुरुवारी माझ्याकडे जेवायला येतो. निघताना तो अनेक वर्षे सरळ ‘जातो’ म्हणायचा आणि माझ्या सासूबाईंना ते अशुभ वाटून त्या दर वेळी त्याला टोकायच्या. ‘येतो’ म्हणणे त्याला खोटे वाटायचे. मध्यंतरी त्याने स्वतःच तोड काढली. आता तो बुटांच्या नाड्या बांधून उभा राहतो, सासूबाईंकडे पाहतो आणि म्हणतो, “आजी, गुरुवारी साडेसातला येतो.”