रथाच्या जागी यान

‘मदरशिप कनेक्शन’ लावून भांडी घासायला घ्यावीत. कढई निघते, कुकर निघतो, कंबर मात्र पहिल्या गाण्यापासूनच आपलं ऐकेनाशी होते. १९७५च्या डिसेंबरात आलेला हा अमेरिकी फंक अल्बम; फंक म्हणजे कृष्णवर्णीय अमेरिकींचं ठेक्यावर नाचवणारं संगीत. बँडचं नाव पार्लमेंट, पण सभागृहाची शिस्त औषधालाही नाही. सुरुवातीलाच एक निवेदक बजावतो, रेडिओशी खटपट करू नका, त्याचा ताबा आता आमच्याकडे आहे. प्रक्षेपण कुठून, तर थेट अंतराळयानातून!

हा निवेदक म्हणजे जॉर्ज क्लिंटन. न्यू जर्सीतल्या प्लेनफील्डमध्ये गृहस्थ आधी सलूनमध्ये काम करायचा आणि मित्रांना जमवून गायचा. मुखपृष्ठावर तो चंदेरी पोशाखात यानाच्या दारातून बाहेर पडतोय. ते चित्र पाहून मला अजून हसू येतं. यायलाच हवं, त्यासाठीच तर सगळा थाट. पण थट्टेला धार आहे. १९६९ ते १९७२ या काळात १२ माणसं चंद्रावर चालून आली, झाडून सगळी गोरी. पहिला कृष्णवर्णीय अमेरिकी अंतराळवीर, गाय ब्लूफर्ड, वर गेला तो १९८३ मध्ये. क्लिंटनने तेवढी कळ काढली नाही. त्याने आपलं यान काढलं आणि आपली माणसं त्यात बसवली.

मला सगळ्यात आवडतं ते शीर्षकगीत. त्यात मध्येच एका जुन्या भक्तिगीताची ओळ तरंगत वर येते. गुलामगिरी सोसलेल्यांचं ते गाणं: रथा, खाली ये, मला घेऊन चल. तुकोबांना न्यायला विमान आलं, हे लहानपणापासून ऐकलेल्या आपल्याला यात परकं काय वाटणार? फरक इतकाच, की तुकोबांचं विमान वैकुंठाला गेलं. क्लिंटनचं यान मात्र खाली येतं, तेही नाचायला.

आणि १९७६च्या दौऱ्यात ते खरोखर आलं. बँडमधला गायक ग्लेन गॉइन्स आर्त आवाजात त्याला बोलवायचा, धुराच्या लोटांत दिवे लुकलुकत यान मंचावर उतरायचं आणि आतून क्लिंटनची स्वारी प्रकट व्हायची. पुढे पैशांची ओढाताण झाली आणि ते मूळ यान भंगारात गेलं. नंतर केलेली प्रतिकृती आज वॉशिंग्टनमध्ये, आफ्रिकी-अमेरिकी इतिहासाच्या राष्ट्रीय संग्रहालयात मानाने उभी आहे.

संग्रहालयाबाहेर यान हिप-हॉपवाल्यांनी चालू ठेवलं. नव्वदच्या दशकाच्या सुरुवातीला रॅपर डॉ. ड्रेने रथाची तीच ओळ उचलून आपल्या गाण्यात बसवली. त्याचा रथ म्हणजे लॉस एंजेलिसच्या रस्त्यांवर मिरवायची मोटार. भक्तिगीतातून यानात, यानातून मोटारीत. ओळ तीच, बसणारे बदलले. मला यात कसलीही विटंबना दिसत नाही.

वादकांबद्दल थोडं सांगायलाच हवं. बूट्सी कॉलिन्स, मेसिओ पार्कर, फ्रेड वेस्ली हे तिघेही फंक गायक जेम्स ब्राउनच्या तालमीत तयार झालेले, जिथे चुकलं की दंड बसायचा. पहिल्या मात्रेवर वजन टाकायची सवय तिथलीच. इथे दंड नाही, पण सवय सुटलेली नाही. म्हणून एवढा धिंगाणा चालूनही ताल तसूभर हलत नाही. फक्त मोबाइलच्या स्पीकरवर ऐकू नका, बूट्सीच्या बेस गिटारचा खर्ज त्यात मावत नाही.