दोन पीएच.डी.चा माणूस आणि २.८३

घरच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर अधूनमधून एक पोस्ट फिरून येते. मागे आकाशगंगा, मध्ये ध्यानस्थ ऋषी आणि खाली ठळक अक्षरांत, ‘क्वांटम फिजिक्सने सिद्ध केलं : जग आपल्या जाणिवेतून घडतं!’ लगेच मोठे काका मला टॅग करतात, ‘तू शिकवतेस ना हे? खरंय का गं?’ काकांना नुसतं ‘नाही’ म्हणून भागत नाही. जन्मभर पोस्टात नोकरी केली, त्यांना पावती लागते. म्हणून मी त्यांना १९७७ साली छापून आलेला एक प्रयोग सांगते.

एक किरणोत्सारी स्रोत, त्यातून निघालेले कण मोजणारा काउंटर आणि दोन माणसं. पहिल्याने काउंटरचा आकडा कधी पाहायचा, कधी नाही. दुसऱ्याने तोच आकडा नंतर पाहायचा आणि सांगायचं, ‘माझ्याआधी हा कुणी पाहिलाय का?’ पाहणाऱ्याच्या मनामुळेच जर कणाचं काय ते ठरत असेल, तर ताजा आकडा आणि आधी पाहिलेला आकडा यांत दुसऱ्याला काहीतरी फरक जाणवायला हवा, एवढीच अपेक्षा. शेकडो वेळा करून पाहिलं. बरोबर उत्तरं आली निम्म्याच्या आसपास. नाणं उडवून उत्तर दिलं असतं तरी तेवढीच आली असती.

हा प्रयोग सुचवणारे आणि तीन सहकाऱ्यांबरोबर तो पेपर लिहिणारे गृहस्थ म्हणजे अ‍ॅबनर शिमोनी. प्रयोगाने सगळे दरवाजे बंद होत नाहीत, हे तेही जाणून होते. पण जी गोष्ट लोक खुर्चीत रेलून बोलतात, ती मोजता येईल का हे आधी बघायचं, हा त्यांचा खाक्या. आणि गंमत म्हणजे ते मुळात तत्त्वज्ञानाचे!

जन्म १९२८चा, ओहायोतल्या कोलंबसचा, बालपण मेम्फिसमध्ये. येलमध्ये गणित आणि तत्त्वज्ञान, मग शिकागोला तत्त्वज्ञ रुडॉल्फ कारनॅपकडे. कारनॅप म्हणजे ‘मेटाफिजिक्स’ (प्रयोगापलीकडच्या वास्तवाचा विचार) हा शब्द ऐकला की कपाळाला आठ्या घालणाऱ्यांच्या गोटातले, आणि शिमोनींना नेमकी त्याचीच ओढ. १९५३ साली येलमधून तत्त्वज्ञानात पीएच.डी. मिळाली. विषय होता पुराव्यावरून निष्कर्ष कितपत काढता येतो हा. इतकं झाल्यावर माणूस नोकरी बघतो. हे पुन्हा विद्यार्थी झाले, प्रिन्स्टनला, भौतिकशास्त्रात. दुसरी पीएच.डी. १९६२ची. तोवर एमआयटीत तत्त्वज्ञान शिकवायला सुरुवातही झाली होती.

माझ्याकडे तिसऱ्या वर्षाला एक मुलगी आहे, वर्गात तिचे प्रश्न कायम सिलॅबसच्या बाहेरचे. परवा तिने विचारलं, ‘मॅडम, फिजिक्स करून फिलॉसॉफी करता येते का? घरी सांगितलं तर आई म्हणाली, आधी एक काहीतरी धड कर.’ आईचंही बरोबरच आहे म्हणा. आपल्याकडे शिमोनी पात्रतेच्या रकान्यातच अडकले असते.

प्रिन्स्टनमध्ये आर्थर वाइटमन यांनी त्यांना पहिलाच गृहपाठ दिला : क्वांटम सिद्धांत अपुरा आहे असं म्हणणारा आइन्स्टाइन, पोडॉल्स्की आणि रोझेन यांचा १९३५चा पेपर वाच आणि त्यात काय चुकलंय ते शोध. शिमोनींनी वाचला, पण त्यांना त्यात काही चूक सापडेना. पुढे प्रबंध युजीन विग्नर यांच्याकडे झाला. याच विग्नरांचं त्या काळात म्हणणं होतं की मोजमापात जाणिवेला खास स्थान आहे. चेल्याने १९६३ साली निरीक्षकाच्या भूमिकेवर लेख लिहिला आणि त्यात सरळ सांगितलं की मनाच्या अंगी अशी काही ताकद असल्याचा पुरावा दिसत नाही. त्याच वर्षी विग्नरांना नोबेल मिळालं. तरी गुरु-शिष्यांत बिनसलं नाही, हे मला दोघांच्याही मोठेपणाचं वाटतं.

मग भौतिकशास्त्रज्ञ जॉन बेल यांचा १९६४चा पेपर हातात आला. चक्रमुद्रित प्रत, टायपिंग यथातथाच. आणखी एक तऱ्हेवाईक दिसतोय, असं शिमोनींना आधी वाटलं. पुन्हा वाचल्यावर मात्र ते ताठ बसले. मोजण्याआधीच कणांची उत्तरं ठरलेली असतात का, यावर आइन्स्टाइन आणि बोर वर्षानुवर्षं वाद घालत होते, त्याचा निकाल आता आकड्यांत लागू शकत होता.

ते गणित मी फळ्यावर लिहिते तेव्हा मुलांचा विश्वासच बसत नाही, कारण ते आठवीचं आहे. एकाच अणूतून निघालेले दोन फोटॉन, म्हणजे प्रकाशाचे कण, विरुद्ध दिशांना जातात. डावीकडे पोलरायझर (ठरावीक दिशेचाच प्रकाश सोडणारी चाळणी) दोन कोनांपैकी एका कोनात लावायचा, उजवीकडेही तसंच. फोटॉन पार झाला तर +१, नाही तर –१. समजा, चारही कोनांची उत्तरं फोटॉन निघतानाच खिशात घालून निघाले आहेत आणि इकडचा कोन बदलला म्हणून तिकडचं उत्तर बदलत नाही. डावीकडची उत्तरं क आणि ख, उजवीकडची ग आणि घ. आता क(ग – घ) + ख(ग + घ) काढा. ग आणि घ सारखे असतील तर पहिला कंस शून्य, वेगळे असतील तर दुसरा. उरलेल्या कंसाची किंमत +२ किंवा –२. म्हणजे कितीही जोड्या घ्या, सरासरी २च्या वर जाणं शक्यच नाही. आता क्वांटमचं सूत्र : डाव्या-उजव्या उत्तरांच्या गुणाकाराची सरासरी म्हणजे दोन कोनांतल्या फरकाच्या दुपटीची कोसाइन. डावीकडे ० आणि ४५ अंश, उजवीकडे २२.५ आणि ६७.५ अंश. बेरीज येते २.८३.

‘सरासरी २च्या वर नाही’ ही असमानता म्हणजेच सीएचएसएच (क्लाउझर, हॉर्न, शिमोनी आणि होल्ट यांची आद्याक्षरं) म्हणून ओळखला जाणारा निकष. बेल यांचा मूळ पेपर आदर्श उपकरणं धरून चालणारा. खऱ्या प्रयोगशाळेत कामाला येईल असं रूप त्याला द्यायचं होतं. १९६८मध्ये शिमोनी एमआयटी सोडून बोस्टन विद्यापीठात आले. तिथे फिजिक्स आणि फिलॉसॉफी दोन्ही विभागांत त्यांना जागा होती. मायकेल हॉर्न या विद्यार्थ्याला त्यांनी कामाला लावलं. शोधता शोधता बर्कलीतल्या कोचर आणि कमिन्स यांचा १९६७चा प्रयोग सापडला. यंत्रणा हवी तशी, पण मोजमापं फक्त समांतर आणि काटकोनात. नेमकं त्या कोनांवर क्वांटमचं आणि खिशातल्या उत्तरांचं भाकीत वेगळं काढता येत नाही, खरी मेख मधल्या कोनांत. प्रयोग करायला हार्वर्डचे रिचर्ड होल्ट तयार झाले.

आणि १९६९च्या वसंतात एका अधिवेशनाच्या गोषवाऱ्यांत शिमोनींना दिसलं की न्यूयॉर्कमधल्या जॉन क्लाउझर नावाच्या पोराने अगदी हेच मांडलंय. संशोधन करणाऱ्या कुणालाही विचारा, त्या क्षणी पोटात कसा खड्डा पडतो ते. शिमोनींनी विग्नरांचा सल्ला घेतला. विग्नर म्हणाले, त्याला फोन कर. केला. भांडण होण्याऐवजी चौघांचा एकत्र पेपर ऑक्टोबरमध्ये छापून आला. मधल्या काळात क्लाउझर बर्कलीच्या नोकरीसाठी शिडाच्या बोटीने निघाले होते आणि शिमोनी मसुदे वाटेतल्या बंदरांच्या पत्त्यांवर धाडत होते. (आमच्याकडे पलीकडच्या खोलीतल्या सहलेखकाकडूनही मसुदा परत येत नाही.)

१९७२ साली क्लाउझर आणि फ्रीडमन यांचा निकाल क्वांटमच्या बाजूने लागला. होल्टचा मात्र उलटा! पाऱ्याचे अणू वापरलेला तो प्रयोग क्लाउझरने स्वतः पुन्हा केला, तेव्हा तोही क्वांटमच्याच बाजूने आला. १९९०मध्ये ग्रीनबर्गर, हॉर्न आणि झायलिंगर यांच्याबरोबर शिमोनींनी असमानतेशिवायच बेलचा मुद्दा सिद्ध करणारा लेख लिहिला. २०२२चं नोबेल क्लाउझर, आस्पे आणि झायलिंगर यांना मिळालं. तिघांपैकी दोघांचे ते सहलेखक, पण २०१५च्या ऑगस्टमध्येच गेले. त्याच महिन्यात नेदरलँड्समधल्या डेल्फ्टच्या गटाने, आधीच्या प्रयोगांत शंकेला जागा ठेवणाऱ्या पळवाटा बंद करून केलेल्या प्रयोगाचा निकाल जाहीर केला : २.४२, म्हणजे २च्या वर.

एवढं सगळं क्वांटमच्या बाजूने लागूनही शिमोनी स्वतः समाधानी नव्हते, आणि मला त्यांच्यातलं हेच सगळ्यात आवडतं. मोजमापाच्या वेळी नेमकं काय घडतं हा प्रश्न त्यांच्या लेखी शिल्लकच होता. ‘गणित करा आणि गप्प बसा’ त्यांना मंजूर नव्हतं, जाणिवेचा आधारही नको होता. क्वांटमचा पाया असलेलं श्रोडिंगरचं समीकरणच कुठेतरी किंचित बदलावं लागेल, असा त्यांचा कल होता. तशा नव्या समीकरणाने कोणत्या अटी पाळाव्यात, हेही त्यांनी लिहून ठेवलं. त्या जातीच्या सिद्धांतांची तपासणी आता इटलीत ग्रान सासोच्या डोंगराखाली चालते. तसा बदल खरा असेल तर कणांतून अतिशय मंद किरण निघायला हवेत. ते अजून सापडलेले नाहीत, आणि अशा एका सिद्धांताचं सगळ्यात साधं रूप त्यामुळे बादही झालं आहे.