हानलेला कामासाठी जाताय? मग पहिल्या रात्रीची तयारी करा

"रोज दहा किलोमीटर पळतोस, तुला काय होणार आहे?" लडाखमधल्या हानलेला कामाला पाठवणाऱ्यांनी असं सांगितलं आणि मी ते खरं मानलं. चार महिने पळलो, पाठीवर वीस किलो घेऊन टेकड्या चढलो. दमसास वाढला. पण विरळ हवा कुणाला बाधेल हे दमसासावर ठरत नाही. उलट तब्येतीचा भरवसा असलेला माणूस पहिल्याच दिवशी सामान उचलून भराभरा चालतो आणि आडवा होतो. मी झालो.

लेह साधारण 3500 मीटरवर आहे, हानले गाव 4300 च्या आसपास, आणि तिथल्या खगोल वेधशाळेचा डोंगर 4500 वर. तिथे हवेचा दाब समुद्रसपाटीच्या साठ टक्क्यांहूनही कमी असतो. 3000 मीटरच्या वर गेल्यावर झोपायची जागा एका रात्रीत 500 मीटरपेक्षा जास्त वर नेऊ नये, हा सर्वमान्य नियम. आम्हाला मात्र लेहमध्ये दोन रात्री काढून एका दिवसात थेट हानलेला नेलं. हे वेळापत्रक चूकच होतं.

आता त्या रात्रीबद्दल. एक वाजता जाग आली ती श्वास अडकल्यामुळे. धापा टाकत उठून बसलो, तर शेजारच्या सहकाऱ्याचा श्वास खोल होत गेला, मग उथळ, मग थांबलाच. मी आकडे मोजले. दहापर्यंत पोचलो तेव्हा त्याने दचकून हवा ओढली. परत तेच. तो मरतोय असं मला वाटलं, आणि मी झोपलो की त्याला माझ्याबद्दल तेच वाटायचं. दोघंही पहाटेपर्यंत भिंतीला टेकून बसलो.

उंचीवर झोपेत हे सर्रास होतं. जोरजोरात श्वास घेतल्याने रक्तातला कार्बन डायऑक्साइड घटतो आणि मेंदू थोडा वेळ श्वासाचा हुकूमच देत नाही. एवढी दोन वाक्यं आधी कुणी सांगितली असती तर ती रात्र भीतीत गेली नसती. माझ्या मते मनाची तयारी ती हीच. अ‍ॅसिटाझोलामाइड या गोळीने हा त्रास कमी होतो, पण डॉक्टरांना विचारून, सल्फा औषधांची अ‍ॅलर्जी असेल तर आधी सांगून. बोटांना मुंग्या येतात, लघवी जास्त होते, घाबरू नका. झोपेची गोळी आणि दारू अजिबात नको.

बसल्या जागी धाप, ओला खोकला, किंवा सरळ रेषेत टाचेला अंगठा लावून चालता न येणं, यातलं एक जरी दिसलं तर काम टाकून लगेच खाली उतरायचं. सकाळची वाट बघायची नाही.

पहिले चार दिवस डोकंही मंद चालतं. मी एकच केबल दोनदा उलटी जोडली. मग एकाने यादी मोठ्याने वाचायची, दुसऱ्याने करायचं आणि झालेलं परत वाचून दाखवायचं, असं ठरवलं; चुका थांबल्या. चिडचिडही होते. एका पान्यावरून आम्ही दोन दिवस अबोला धरला. निघण्यापूर्वीच सांगून ठेवा की पहिल्या आठवड्यातलं भांडण धरून बसायचं नाही.

उरलेले दिवस चांगले गेले, काम झालं, आकाश अपार दिसलं.

पुढची तुकडी निघतेय. लेहला तीन रात्री, वाटेतल्या चुमाथांगला एक, मग हानले, असं लेखी कळवलंय. गाडीचं भाडं वाढेल म्हणून कुरकुर चाललीय. वाढू दे.