तेरेखोल: थोडी सीमा, बाकी नदी

महाराष्ट्र आणि गोवा यांच्यामधली सीमा म्हणजे तेरेखोल नदी, असे सरसकट सांगितले जाते. नकाशावर बोट ठेवून ही नदी उगमापासून मुखापर्यंत पाहत गेले, की हे विधान मधल्या टप्प्यापुरतेच खरे असल्याचे लक्षात येते. वरच्या अंगाला तिचे दोन्ही तीर महाराष्ट्रात आहेत आणि अगदी मुखाशी, जिथे सीमा सर्वांत स्पष्ट असायला हवी, तिथे ती पाणी सोडून उत्तरेच्या डोंगरावर चढते.

मनोहरगडाच्या परिसरात, सह्याद्रीच्या उतारावर जन्मलेली ही नदी सावंतवाडी तालुक्यातून ओटवणे, इन्सुली, शेर्ले अशा गावांच्या कडेने खाली येते आणि बांद्याला पोहोचते. आदिलशाहीच्या काळात आदिलाबाद म्हणून ओळखले गेलेले बांदा आज मुंबई-गोवा महामार्गावरचे गोव्याआधीचे मोठे बाजारगाव आहे. पूर्वी मात्र त्याचे महत्त्व रस्त्यापेक्षा पाण्यामुळे अधिक होते, कारण खाडीतून लहान गलबते आत येऊ शकत. हाच पाण्याचा शेजार पावसाळ्यात महाग पडतो. घाटात मुसळधार पाऊस पडून लोंढा खाली यावा आणि त्याच वेळी समुद्राला भरती असावी, असा योग जुळला की पाण्याला निचरा उरत नाही आणि ते सखल भागात शिरते. ऑगस्ट २०१९ मध्ये बांद्याची बाजारपेठ अशीच पाण्याखाली गेली होती.

बांद्याच्या खाली नदीचे रूप पालटते. ती रुंद व संथ होते, पाणी मचूळ लागू लागते, काठाला कांदळवन दिसते आणि त्यामागे माडांच्या बागा व भातशेती. इथेच ती खऱ्या अर्थाने सीमा बनते: उजव्या तीरावर सातार्डा आणि आरोंदा, डाव्या तीरावर पेडणे तालुक्यातील नयबाग आणि किरणपाणी. ही सीमा भूगोलाने आखलेली नाही. पेडणे महाल सावंतवाडीकरांकडे होता आणि तो १७८८ मध्ये पोर्तुगीजांकडे गेला. त्याआधी या टप्प्यातही दोन्ही तीरांवर एकच सत्ता होती. त्यामुळे दोन्हीकडची बोली, देवस्थाने आणि सोयरिकी सारख्याच असल्याचे कुणाला नवल वाटले, तर मला त्याच्या नवलाचेच नवल वाटते.

प्रशासन मात्र दोन राज्यांचे आहे आणि त्याचा सर्वाधिक जाच नदीच्या तळाला होतो. रेती पात्रातली, पात्र सामाईक, पण परवाने, बंदी आणि कारवाई प्रत्येक तीराची वेगळी. बेकायदा उपशाच्या तक्रारी दोन्हीकडून होतात. तळ खोल गेला की काठ ढासळतो आणि त्याबरोबर माड पाण्यात जातात, मग उपसा कोणत्याही बाजूच्या होडीने केलेला असो. एका पात्रासाठी दोन्ही राज्यांनी एकच नियम करावा, ही अपेक्षा मला मुळीच अवाजवी वाटत नाही.

आता मुखाकडे येऊ. दक्षिण तीरावर केरीचा किनारा, उत्तर तीरावर उंच कड्यावर तेरेखोलचा किल्ला. सावंतवाडीच्या खेमसावंतांनी बांधलेला हा किल्ला १७४६ मध्ये पोर्तुगीजांनी जिंकला, म्हणजे पेडणे त्यांच्या हाती येण्याच्या ४२ वर्षे आधी. किल्ल्याबरोबर त्याच्या पायथ्याचे गावही त्यांच्याकडे गेले आणि म्हणूनच नदीच्या पलीकडचा हा लहानसा तुकडा आजही गोव्यात आहे. किल्ल्यात संत आंतोनीचे चर्च आहे. १५ ऑगस्ट १९५४ रोजी आल्फ्रेड आफोन्सो यांच्या नेतृत्वाखाली सत्याग्रहींनी याच किल्ल्यावर तिरंगा फडकवला होता. नंतर इथे हॉटेल झाले. किल्ल्याची जागा जपली गेली, हे बरेच झाले. पण सत्याग्रहाचा इतिहास तिथल्या देखाव्यापुढे झाकोळतो, असे मला वाटते.

तेरेखोल गावाला जमिनीने जोडलेला शेजार म्हणजे सिंधुदुर्गातले रेडी. गावातल्या माणसाला पेडण्याच्या कचेरीत काम निघाले, तर त्याला फेरीबोटीने केरीला उतरावे लागते. आणि फेरी चुकली, तर आपल्याच तालुक्याच्या गावी जाण्यासाठी रेडी-आरोंद्यावरून, म्हणजे महाराष्ट्रातून वळसा घेऊन, किरणपाणीचा पूल गाठावा लागतो.