अकरा भोपळे

लेकीकडे गेलेली म्हातारी परतताना भोपळ्यात बसून आली, ही गोष्ट आपण सर्वांनी लहानपणी ऐकलेली असते. मी गेल्या ऑक्टोबरात मिशिगन राज्यातील ॲन आर्बर या गावी लेकीकडे गेले, तेव्हा गाडीतून उतरताच मला तीच गोष्ट आठवली, कारण गल्लीतील जवळजवळ प्रत्येक घराच्या पायरीवर एक तरी नारिंगी भोपळा मांडून ठेवलेला होता. हॅलोविन या सणाचा तो थाट मला नवा असला, तरी भोपळ्याशी माझा जुना परिचय आहे. मी ३४ वर्षे शाळेत गणित शिकवले आणि त्या काळात उत्तरपत्रिकांवर लाल शाईने किती भोपळे काढले, याची मोजदाद मी ठेवलेली नाही.

ॲन आर्बर हे मिशिगन विद्यापीठाचे गाव आहे आणि शरद ऋतूतील शनिवारी तेथे फुटबॉलखेरीज दुसरा विषय निघत नाही. आमचे जावई अभियंते आहेत, मितभाषीही आहेत. पण या विषयावर त्यांची जीभ सैल सुटते. एका संध्याकाळी चहा घेताना ते म्हणाले, "आई, १९०१ सालच्या आमच्या संघाने अकरा सामने खेळले आणि एकाही प्रतिस्पर्ध्याला एकही गुण करू दिला नाही." 'आमचा' हा शब्द त्यांनी इतक्या सहजपणे वापरला, की त्या संघात त्यांचे आजोबाच खेळले असावेत असे वाटावे. मी विजेच्या बिलाची मागची कोरी बाजू पुढे ओढली आणि आकडे सांगायला लावले. डाव्या रकान्यात ५०, ५७, ३३, २९, १२८, २२, २१, २२, ८९, ५० आणि ४९ असे मिशिगनचे गुण उतरले, तर उजव्या रकान्यात ओळीने अकरा भोपळे आले. डावीकडची बेरीज मी सवयीने दोनदा केली. ती ५५० भरली.

हा अमेरिकन फुटबॉल आहे. त्यात चेंडू पायापेक्षा हातातच अधिक असतो, आणि मग त्याला फुटबॉल का म्हणावे, या माझ्या प्रश्नाचे समाधानकारक उत्तर मला अद्याप मिळालेले नाही. त्या काळी तर चेंडू पुढे फेकण्यासही परवानगी नव्हती. ती १९०६ साली मिळाली, कारण त्याआधीच्या हंगामांत या खेळापायी तरुण मुलांचे जीव जाऊ लागले होते आणि खुद्द अध्यक्ष थिओडोर रूझवेल्ट यांना त्यात लक्ष घालावे लागले होते. १९०१ साली तीन प्रयत्नांत पाच यार्ड पुढे सरकायचे, नाही तर चेंडू समोरच्यांच्या हवाली करायचा, असा नियम होता. त्यामुळे सारा खेळ रेटारेटीचा होता आणि त्याचे स्वरूप दहीहंडीच्या गर्दीत वाट काढण्याच्या जवळ जाणारे होते.

या रेटारेटीत वेग आणला तो फील्डिंग योस्ट या प्रशिक्षकाने. योस्ट पश्चिम व्हर्जिनियाचा होता आणि मिशिगनचा उच्चार 'मीशिगन' असा करीत असे. सरावाच्या वेळी तो मुलांना सतत 'आटपा, आटपा' असे ओरडून पिटाळत असल्यामुळे 'हरी अप' हे ते इंग्रजी शब्दच त्याच्या नावाला चिकटले. आधीच्या डावात पडलेली मुले उठून कपडे झटकत असतानाच बॉस वीक्स हा त्याचा क्वार्टरबॅक, म्हणजे डाव चालवणारा खेळाडू, पुढच्या डावाच्या खुणा पुकारू लागे, आणि समोरचा संघ धापा टाकीत उभा राहीपर्यंत विली हेस्टन चेंडू घेऊन दूर पोहोचलेला असे. योस्टच्या या वर्षांतील संघांना 'मिनिटाला एक गुण' असे टोपणनाव पडले. माझ्या वर्गात अशी घाई करणारी मुले हमखास हातचा विसरत असत. यांचा हातचा मात्र कधी चुकला नाही.

२६ ऑक्टोबर रोजी बफेलोचा संघ ॲन आर्बरला आला आणि १२८ गुणांनी हरला. तेव्हा एका टचडाउनला, म्हणजे चेंडू समोरच्यांच्या गोलरेषेपार नेण्याला, पाच गुण मिळत आणि त्यानंतरची किक साधली तर आणखी एक, म्हणजे एका खेपेला फार तर सहा. तेव्हा साध्या भागाकाराने कळते, की एकाच दुपारी किमान २२ वेळा बफेलोच्या मुलांना आपल्या डोळ्यांसमोर गुण होताना पाहावे लागले. त्या सामन्याची एक आख्यायिका जावयांनी सांगितली. बफेलोचा एक धिप्पाड खेळाडू मिशिगनच्या बाकापाशी घोंगडी पांघरून बसलेला सापडला. तू चुकीच्या बाजूला आला आहेस असे योस्टने सांगताच, आपण अगदी योग्य बाजूला आलो आहोत असे उत्तर त्याने दिले. खरे-खोटे देव जाणे. मला मात्र तो मुलगा त्या अकरा सामन्यांतील सर्वांत शहाणा वाटतो.

शेवटचा सामना १ जानेवारी १९०२ रोजी कॅलिफोर्नियातील पासाडिना येथे झाला. तेथे नववर्षाच्या दिवशी फुलांनी सजवलेल्या वाहनांची मिरवणूक निघत असे आणि त्या वर्षी आयोजकांनी तिला प्रथमच फुटबॉलची जोड दिली. समोर स्टॅनफर्ड होते. गंमत अशी, की १९०० साली योस्ट त्याच स्टॅनफर्डचा प्रशिक्षक होता. पण माजी विद्यार्थ्यालाच प्रशिक्षक नेमायचे असा नियम तेथे झाल्यामुळे त्याला जावे लागले होते. हिवाळ्यातील मिशिगन सोडून, रेल्वेने अर्धा देश ओलांडून तो परत आला तो जुन्या घराच्या दारात नवी वरात घेऊनच. मिशिगनच्या नील स्नोने एकट्याने पाच टचडाउन केले. मिशिगनचे जे अकरा जण सुरुवातीला मैदानात उतरले, तेच अखेरपर्यंत खेळले. बदली खेळाडू एकही लागला नाही. गुणफलक ४९ विरुद्ध शून्य असा असताना आणि आठ मिनिटे शिल्लक असताना, स्टॅनफर्डचा कर्णधार मिशिगनच्या कर्णधाराकडे गेला आणि तुमची हरकत नसेल तर येथेच थांबू, असे त्याने सुचवले. खेळ थांबला.

या आठ मिनिटांपाशी माझे मन अडखळते. वेळेआधी उत्तरपत्रिका देऊन उठणारी मुले दोनच प्रकारची असतात, सगळे येणारी आणि काहीच न येणारी. पर्यवेक्षक म्हणून मी दोघांनाही कधी अडवले नाही. परंतु कोरी उत्तरपत्रिका टेबलावर ठेवून सरळ चालत दाराबाहेर जाण्यास जे धैर्य लागते, ते तीन तास पेन चघळत बसणाऱ्याला कळत नाही. पासाडिनाच्या आयोजकांनाही हा एकतर्फी प्रकार रुचला नसावा, कारण पुढच्या वर्षी त्यांनी पोलो ठेवला, नंतर रथांच्या शर्यती लावल्या आणि फुटबॉल तेथे परतला तो थेट १९१६ साली.

आठ वर्षांचा नातू हे सर्व ऐकत होता. "आजी, त्यांचा भोपळा फुटलाच नाही म्हणजे काय?" असे त्याने विचारले, आणि मी अर्थ सांगण्याच्या आत "शेजारचे काका तर सुरीने सहज फोडतात," अशी भरही घातली. मी हसले, पण शिक्षकी स्वभावाला अनुसरून जावयांकडे वळून विचारले, की तुमच्या त्या संघाला कधी भोपळा मिळाला का नाही? त्यांनी चहाचा कप खाली ठेवला. मिळाला होता. ५६ सामन्यांत एकदाही न हरता, आणि त्या हंगामात एकही गुण न देता ४९५ गुण करून, मिशिगनचा संघ ३० नोव्हेंबर १९०५ रोजी शिकागो विद्यापीठाविरुद्ध उतरला. मिशिगनचा खेळाडू चेंडूसह स्वतःच्याच गोलरेषेमागे पकडला गेला, त्याचे दोन गुण शिकागोला मिळाले आणि सामना २ विरुद्ध ० असा संपला. तो दिवस थँक्सगिव्हिंगचा होता, ज्या दिवशी अमेरिकेत घरोघरी भोपळ्याची 'पाय', म्हणजे गोड सारण भरून भाजलेला पदार्थ, खातात.

यंदाच्या थँक्सगिव्हिंगला मी लेकीला सांगितले, की ती 'पाय' तुम्ही आणा, मी भोपळ्याचे घारगे करते. पायरीवरचा एक न कोरलेला भोपळा आत आणला. हा जात्याच पाणचट, तेव्हा कीस गुळासोबत चांगला आटवावा लागणार, असा माझा हिशेब चालू होता. पण त्या घरात विळी नाही, म्हणून भोपळा फोडण्याचे काम जावयांकडे आले. त्यांनी बाह्या सरसावल्या आणि देठापाशी सुरी रोवली. ती सालीत अशी अडकली, की पुढे जाईना आणि मागेही येईना, आणि स्वयंपाकघराच्या दारात उभा राहिलेला नातू दर मिनिटाला विचारत राहिला, "बाबा, फुटला का?"