वडशातली स्थळपाहणी

बँकेतली स्थळपाहणी म्हणजे काय, हे आधी सांगायला हवं. कुणी कर्ज मागितलं की आम्ही त्याच्या जागेवर जातो, धंदा खरंच चालू आहे का बघतो, माल मोजतो, पाटीखाली मालकाला उभा करून फोटो काढतो, शेजाऱ्याशी सहज बोलल्यासारखं करून दोन-चार गोष्टी काढून घेतो आणि परत येऊन अहवाल भरतो. म्हशी मोजल्यात, पिठाच्या चक्क्या चालवून बघितल्यात. नाटक कंपनीची स्थळपाहणी मात्र गडचिरोली जिल्ह्यात बदली झाल्यावरच नशिबी आली.

अर्ज मुद्रा योजनेच्या 'तरुण' गटातला होता, म्हणजे 5 लाखांच्या वर आणि 10 लाखांपर्यंत. कारण लिहिलं होतं: साउंड, लाइट, जनरेटर. व्यवसायाच्या रकान्यात 'झाडीपट्टी नाटक'. ग्राहकाची माहिती बाहेर सांगायची नसते, तेव्हा कंपनीचं नाव आणि रकमा इथे येणार नाहीत. वडशाचं नाव लपवण्यात मात्र अर्थ नाही. नाटकवाले नवरगावकडे आहेत, सिंदेवाहीकडे आहेत, पण त्यांची पेठ म्हणजे वडसाच. सरकारी कागदावर देसाईगंज, लोकांच्या तोंडी वडसा.

मी अमरावतीकडचा. आमच्याकडे नाटक म्हणजे शाळेच्या गॅदरिंगपुरतं. भंडारा, गोंदिया, चंद्रपूर, गडचिरोली या धानाच्या आणि जंगलाच्या मुलखात, म्हणजेच झाडीपट्टीत, दिवाळीनंतर होळीपर्यंत रोज रात्री कुठल्या ना कुठल्या गावात नाटक उभं असतं, ते रात्री दहाला सुरू होतं आणि सकाळी संपतं, त्यावर शेकडो घरं चालतात, हे ऐकून होतो. विश्वास बसत नव्हता.

मालक दौऱ्यावर होता. फोनवर म्हणाला, ''सायेब, नुसतं माजं ऑफिस पाहून तुम्हाला काई समजणार नाई. मामाजी सगळा रस्ता फिरवून दाखवतील.'' मामाजी म्हणजे कंपनीचे म्हातारे व्यवस्थापक. सत्तरीच्या आसपासचे, सडपातळ, गळ्यात दुपट्टा. तरुणपणी 'स्त्री पार्टी' करायचे, म्हणजे लुगडं नेसून नायिका. चालताना अजूनही खांदा किंचित वळवायची सवय राहिलेली.

आम्ही निघालो तेव्हा दुपारचे बारा वाजत आले होते आणि अख्खा रस्ता दात घासत होता. खरंच. प्रत्येक गाळ्यासमोर कुणी ना कुणी ब्रश तोंडात धरून उभं. रात्रभर नाटक करून सकाळी गाडी परतते, मग झोप, मग दुपारी उठणं. मी बँकेतून आलोय म्हटल्यावर एकाने घाईने चूळ भरून नमस्कार केला. मामाजी म्हणाले, ''हा आमचा नायक हाये जी.''

मुख्य रस्त्याच्या दोन्ही अंगांनी एकेक गाळ्याची ऑफिसं. दारावर उंच फ्लेक्स. त्यावर मध्यभागी नायिका, तिच्या बाजूला डोळे वटारलेला विनोदी नट, कोपऱ्यात मिशीवाला खलनायक, आणि नाटकाच्या नावापेक्षा मोठ्या अक्षरांत मोबाइल नंबर. धंद्याच्या दृष्टीने ते बरोबरच आहे. बुकिंग करायला येणारा माणूस नट बघून येतो, नाव नंतर विचारतो.

मामाजी प्रत्येक दारापाशी थांबायचे आणि आधी आत डोकावून 'बँकेचे सायेब हायेत' असं सांगून मगच मला न्यायचे. पत्रकं छापणाऱ्याकडे गुलाबी कागदाचे गठ्ठे होते, तिथे फार वेळ गेला नाही. पडदे ठेवायच्या खोलीत गेला. बांबूवर गुंडाळलेले रंगवलेले पडदे: महाल, जंगल, रस्ता, गरिबाची झोपडी. मामाजींनी जंगलाचा पडदा अर्धा सोडून दाखवला. हिरव्या झाडांत एक हरीण, आणि हरणाच्या पोटावर ठिगळ. ''दरसाल उंदीर इथंच खाते,'' म्हणाले. मी तारणाच्या यादीत लिहिलं: पडदे, रंगीत, जुने. किंमत किती धरायची ते सुचेना. हा पडदा घेणार कोण, दुसरी नाटक कंपनीच ना. म्हणजे किंमत आहे, पण वसुलीच्या वेळी उपयोगाची नाही.

पुढे एका घराच्या माडीवर नागपूरहून आलेल्या तीन अभिनेत्री हंगामापुरत्या भाड्याने राहत होत्या. एक जण पाटा-वरवंट्यावर चटणी वाटता वाटता संवाद पुटपुटत होती. तिला विचारलं, पगार महिन्याने की प्रयोगावर? ''नाइटवर,'' म्हणाली. ''हंगामाची उचल आधी घेतली, आता ती फेडून राह्यली.'' म्हणजे कंपनीचा मालक पावसाळ्यातच कलावंतांना पैसे देऊन बांधून ठेवतो, आणि त्याच्या हातात पैसा येतो दिवाळीनंतर. हे मी वहीत दोनदा अधोरेखित केलं. कर्जाची खरी गरज साउंडला नव्हती, तिथे होती.

वाटेत इतिहास चालूच होता. आधी दंडार, खडी गंमत ही इथली लोकनाट्यं. मग गावोगावच्या शेतकऱ्यांनी स्वतःच नाटकं बसवली. बायांची कामं पुरुषच करत. नंतर नटी बाहेरून आणायची पद्धत आली आणि मामाजींसारख्यांची लुगडी पेटीत गेली. त्या गोष्टीबद्दल त्यांच्या मनात राग दिसला नाही. राग आहे तो मध्ये मध्ये घुसवलेल्या डान्सबद्दल. त्यावर ते बरंच बोलले, पण डान्स नसेल तर तारीख जात नाही, म्हणजे बुकिंग होत नाही, हेही त्यांनीच सांगितलं. 2023 मध्ये परशुराम खुणे यांना झाडीपट्टीच्या नाटकासाठी पद्मश्री मिळाली, त्याचं वर्तमानपत्रातलं कात्रण एका ऑफिसात लक्ष्मीच्या फोटोशेजारी लावलेलं होतं. ''आमच्या जिल्ह्यातले हायेत,'' एवढंच म्हणाले, आणि मी ते नीट वाचलं की नाही याची खात्री करून पुढे निघाले.

कंपनीच्या ऑफिसात पोचलो तर समोर एक गिऱ्हाईक येऊन बसलेलं. दोन मोटारसायकलींवरून चार जण, चंद्रपूर जिल्ह्यातल्या एका गावाचं नाट्य मंडळ. हा सौदा मी पूर्ण ऐकला, आणि त्या दिवसाचं सगळ्यात उपयोगाचं काम तेच झालं.

गावचा शंकरपट ठरला होता. दिवसा बैलजोड्या पळणार, रात्री नाटक. त्यांना त्याच दिवसाची तारीख हवी होती. मामाजींनी वही उघडली. ती तारीख दुसऱ्या गावाला दिलेली. मग दुसऱ्या रात्रीचं बघू म्हणाले. मंडळाचा पुढारी ऐकेना. पाहुणे पटाच्या दिवशी येतात, लेकी-जावई येतात, सोयरिकीची बोलणी होतात, दुसऱ्या दिवशी कोण थांबणार? शेवटी पटच एक दिवस पुढे ढकलायचं ठरलं. बैलांची तारीख नाटकाने बदलली.

मग अटी. पोस्टरवरची नायिकाच आली पाहिजे, बदली चालणार नाही. वादक मंडळींचं जेवण गावाकडे, जनरेटरचं डिझेल कंपनीकडे. गाणी किती, वन्स मोअर आला तर ते धरून की सोडून. आणि एका जणाने फार गंभीरपणे सांगितलं, ''नाटक दिवस निघंपर्यंत चालला पायजे जी. मागच्या साली एक कंपनी आली, चार वाजताच मोकरी झाली. एवढ्या थंडीत लेकरं घेऊन लोकांनी जाव कोठी?'' प्रयोग लांब का असतो याचं एवढं सरळ उत्तर मला कुणी दिलं नव्हतं. दुसऱ्या गावाहून आलेल्यांना रात्री चारला ना गाडी, ना निवारा. नाटकाने त्यांना उजेडापर्यंत नेलंच पाहिजे.

रकमेवर घासाघीस झाली, बयाना दिला गेला, बाकीपुढे मामाजींनी लिहिलं: 'चुकारे आल्यावर'. म्हणजे हमीभाव केंद्रावर घातलेल्या धानाचे पैसे खात्यात आले की.

ते गेल्यावर मी ती वही मागितली. मग आधीच्या सालांच्याही मागितल्या. तारीख, गाव, नाटक, ठरले किती, बयाना, बाकी. आडव्या रेघा ओढलेल्या साध्या लांबट वह्या. माझ्याकडे या माणसाचा सिबिल स्कोअर, म्हणजे कर्जफेडीच्या पतीचा आकडा होता, तीन वर्षांचं आयकर विवरण होतं. त्यातून काही कळत नव्हतं. वह्यांतून सगळं कळत होतं.

7 मे 2014 ला सर्वोच्च न्यायालयाने बैलांच्या शर्यती बंद केल्या. त्यानंतरच्या हंगामाच्या वहीत पटाची काही गावं गायब होती. काहींनी पट नसताना नुसतं नाटक ठेवलेलं. 2016 ची दिवाळी ऑक्टोबरअखेर होती, हंगाम जेमतेम आठवडाभर चालला आणि 8 नोव्हेंबरला नोटा रद्द झाल्या. त्या पानांवर बाकीच्या रकान्यात रकमेऐवजी 'धान' लिहिलेलं आढळलं, पुढे पोत्यांचा आकडा. गावांकडे नोटा नव्हत्या, तांदूळ होता. मामाजी म्हणाले, ''घेतला जी. कलाकारालाई तांदूरच देल्ला.'' 2020 ची वही जवळजवळ कोरी. डिसेंबर 2021 मध्ये शर्यतींना पुन्हा परवानगी मिळाली, तेव्हापासून जुनी गावं हळूहळू परतलेली. इतके फटके खाऊन एकाही गावाची बाकी पुढच्या होळीपलीकडे गेलेली नव्हती. आमच्या शाखेत असं म्हणता येईल अशी खाती बोटावर मोजण्याइतकी.

आता बँकेची अडचण सांगतो. व्यवसायाच्या कर्जाला महिन्याचा हप्ता असतो. तो 90 दिवसांच्या वर थकला की खातं एनपीए, म्हणजे थकीत कर्जात जमा. नाटक कंपनीला पैसा येतो दिवाळी ते होळी. मे संपला की शून्य. जूनपासून हप्ते थकायला लागले तर सप्टेंबरात ते खातं बुडीतात धरलं जाणार, आणि नोव्हेंबरात तोच माणूस पैशाची थैली घेऊन काउंटरवर उभा राहणार. पीककर्जाचा नियम वेगळा आहे. कमी मुदतीच्या पिकाचं कर्ज दोन हंगाम थकलं तरच एनपीए होतं, कारण पीक वर्षभर येत नाही हे बँकेला मान्य आहे. हे नाटक धानाच्याच पैशावर, धानाच्याच वेळापत्रकाने चालतं, पण कागदावर ते 'सेवा व्यवसाय'. माझ्या मते हा नियम करणाऱ्यांनी पावसाळ्यात एकदा वडशाला येऊन बघायला हवं.

एक काम उरलं होतं. जुना साउंड तारणात दाखवला होता आणि तो ऑफिसात नव्हता, तो त्या रात्रीच्या गावी गेलेला. मी मामाजींना मागे बसवून मोटारसायकल काढली. धान कापलेल्या बांधीत स्टेज उभं होतं. समोरची जागा उतरती खणलेली, त्याच मातीवर स्टेज चढवलेलं, आणि स्टेजच्या पायाशी वादकांचा खड्डा. त्या खड्ड्यात ऑर्गन, तबला, ऑक्टोपॅड आणि मागे अ‍ॅम्प्लिफायर. मी खाली उतरून अनुक्रमांक शोधायला लागलो. अंधार. पाठीमागून कुणीतरी टॉर्च धरला. बघतो तर काळी मिशी, लाल डोळे, कपाळावर जखमेची खूण. खलनायक. ''वाचा सायेब, मी धरतो,'' म्हणाला, आणि सगळे आकडे लिहून होईस्तोवर न हलता उभा राहिला. प्रेक्षकांत पुढे बसलेल्या आज्ज्यांना मी वीजवाला वाटलो. लाइन तोडायला आला का, म्हणून एकीने मामाजींना झापलं.

यादीतल्या दोन पेट्या कमी भरल्या. विचारलं तर त्या बाजूच्या गावातल्या लग्नाला गेलेल्या. हंगाम संपल्यावर मेपर्यंत हाच साउंड लग्नात वाजतो, म्हणजे एप्रिल-मेचंही उत्पन्न आहे. अर्जात ते कुणी लिहिलंच नव्हतं. मी लिहिलं.

नाटक मी तीनपर्यंत पाहिलं. विंगेत प्रॉम्प्टर टॉर्चच्या उजेडात वाचत होता आणि नायक त्याच्याकडे कान ठेवून, प्रेक्षकांकडे तोंड करून बिनचूक रडत होता. त्या खलनायकाला शिव्या पडत होत्या त्या ऐकवत नव्हत्या. मध्यंतरात येऊन त्याने चहा पाजला. चार एकर धान आहे म्हणाला, आणि पीककर्ज आमच्याच बँकेचं.

अहवालात मी हप्ते डिसेंबर ते मे असे सुचवले, पावसाळ्यात फक्त व्याज. वरून अपेक्षेप्रमाणे शेरा आला: जून ते ऑक्टोबर उत्पन्नाचा स्रोत काय? मामाजींना फोन लावला. त्यांनी एकेकाचं सांगितलं. मालकाची शेती, ऑर्गनवाला नागपुरात ऑटो चालवतो, विनोदी नटाचं सलून, दोघे जण रोवण्याच्या मजुरीला. मी ते तसंच्या तसं कळवलं. कर्ज मंजूर झालं, पण जनरेटर वगळून. मालक थोडा हिरमुसला, मग म्हणाला, भाड्याने घेऊ.

कागदावर सह्या करताना हप्त्याची तारीख 5 ठेवू का, असं विचारलं. मालकाने मामाजींकडे पाहिलं. मामाजींनी पिशवीतून वही काढली, बोट फिरवलं.

''5 ला नोको सायेब, 5 ला आमी सिंदेवाहीकडं आहो. 7 ठेवा.''